आपल्याला परवाना मिळेल का?

शस्त्र परवाना हा आपल्या समाजात मोठ्याने बोलण्याचा विषय नाही. शिष्यवृत्ती, घरकुल, वक्फ, मतदार यादी यांवर मशिदीबाहेरच्या चहाच्या टपरीवर तासन्‌तास चर्चा होते. बंदुकीच्या परवान्याचा विषय निघाला की आवाज आपोआप खाली येतो. मुसलमान आणि शस्त्र हे दोन शब्द एका वाक्यात आले की पुढचे वाक्य कोणते असणार, हे आता आपल्या अंगवळणी पडले आहे. म्हणूनच हा विषय उघडपणे, कायद्याची कलमे समोर ठेवून बोलला पाहिजे. कुजबुजीतून फक्त भीती आणि दलाल वाढतात.

दवनीवाडा हे गोंदिया जिल्ह्याच्या धानपट्ट्यातले गाव. वैनगंगा फार दूर नाही आणि नदीपलीकडे मध्य प्रदेशातला बालाघाट जिल्हा लागतो. गावात पोलीस ठाणे आहे, पण शस्त्र परवान्याच्या फाइलचा निकाल लागतो तो गोंदियाला, जिल्हाधिकारी कार्यालयात. या परिसरातला माझ्या ओळखीचा एक तरुण धानाची खरेदी-विक्री करतो. हंगामात त्याच्याकडे बरीच रोकड असते, वसुली आटोपून परतेपर्यंत रात्र होते, रस्ते निर्मनुष्य असतात. त्याला पिस्तुलाचा परवाना काढायचा आहे. अर्ज कुठे करायचा, कागद कोणते लागतात, हे त्याने मोबाइलवर शोधून काढले होते. मला त्याने एवढेच विचारले, "चाचा, आपल्याला देतील का?"

'मला देतील का' असे त्याने विचारले असते तर उत्तर सोपे होते. त्याने 'आपल्याला' म्हटले. त्या एका शब्दामुळे हा लेख लिहावा लागत आहे.

कायदा काय म्हणतो?

आधी कायदा समजून घेऊ. भारतात शस्त्र बाळगणे हा मूलभूत हक्क नाही. शस्त्र अधिनियम १९५९ च्या कलम ३ प्रमाणे परवान्याशिवाय बंदूक, रिव्हॉल्व्हर, पिस्तूल किंवा काडतुसे जवळ ठेवता येत नाहीत. अर्जदाराचे वय २१ पूर्ण असावे लागते. जिथे पोलीस आयुक्तालय नाही, अशा गोंदियासारख्या जिल्ह्यात परवाना देण्याचा अधिकार जिल्हादंडाधिकाऱ्याचा, म्हणजे जिल्हाधिकाऱ्याचा असतो.

कलम १३ मध्ये परवान्याचे दोन दरवाजे आहेत. पहिला तुलनेने रुंद आहे. संरक्षणासाठी किंवा खेळासाठी किमान २० इंच नळीची गुळगुळीत नळीची बंदूक, किंवा पिकाच्या रक्षणासाठी भरमार बंदूक मागितली आणि नाकारण्यासारखे काही नसेल, तर परवाना द्यावा असे कायदा म्हणतो. रानडुकरांचा कळप एका रात्रीत धानाच्या बांधीची काय दशा करतो, हे इथल्या शेतकऱ्याला सांगायला नको. त्याच्या गरजेची दखल १९५९ च्या कायद्याने घेतली आहे. अर्थात बंदुकीचा परवाना म्हणजे जनावर मारण्याची परवानगी नव्हे, त्यासाठी वन विभागाचे नियम वेगळे आहेत. शिवाय अभयारण्याच्या १० किलोमीटरच्या आत नवा शस्त्र परवाना द्यायचा असेल तर वन्यजीव कायद्याच्या कलम ३४ प्रमाणे मुख्य वन्यजीव रक्षकाची आधी संमती लागते. ज्या जिल्ह्यात नागझिरा आणि नवेगाव आहेत तिथे हे कलम अनेक गावांना लागू पडते.

दुसरा दरवाजा अरुंद आहे आणि पिस्तूल, रिव्हॉल्व्हर याच दाराने येते. इथे अर्जदाराकडे 'योग्य कारण' असल्याची परवाना देणाऱ्या अधिकाऱ्याची खात्री पटावी लागते. सगळा खेळ या खात्रीभोवती आहे. धान व्यापाऱ्याची रोकड हे योग्य कारण आहे का? एका अधिकाऱ्याला पटेल, दुसऱ्याला पटणार नाही. ज्या भागात उग्रवादी सक्रिय आहेत तिथल्या रहिवाशाच्या जिवाला असलेला धोका विचारात घ्यावा, असे शस्त्र नियम २०१६ सांगतात. गोंदियाच्या पूर्व आणि दक्षिण भागाने नक्षलवादाची झळ सोसलेली आहे. पण अशाच भागात घरात बंदूक असणे हाच धोका ठरतो, हाही अनुभव आहे. शेजारच्या गडचिरोलीत गावकऱ्यांनी आपल्या भरमार बंदुका स्वतःहून पोलिसांकडे जमा केल्याच्या बातम्या आपण वाचल्या आहेत.

परवाना नाकारण्याची कारणे कलम १४ मध्ये दिली आहेत. अर्जदार मनोरुग्ण असणे, तो या कायद्याखाली अन्य कारणाने अपात्र असणे, किंवा सार्वजनिक शांतता व सुरक्षिततेसाठी नकार आवश्यक वाटणे. मालमत्ता पुरेशी नाही एवढ्याच कारणावरून नकार देता येत नाही, असे त्याच कलमात स्पष्ट लिहिले आहे. धर्म, जात, मोहल्ला यांचा त्यात कुठेही उल्लेख नाही. नकार दिला तर अधिकाऱ्याने कारणे लेखी नोंदवायची असतात आणि मागितल्यास त्याचा थोडक्यात तपशील अर्जदाराला द्यायचा असतो. सार्वजनिक हिताच्या विरुद्ध असेल तेवढाच अपवाद. त्यावर कलम १८ प्रमाणे अपील करता येते.

म्हणजे त्या तरुणाच्या प्रश्नाला कायद्याचे उत्तर असे आहे: अर्ज करणाऱ्याची ओळख 'नागरिक' एवढीच आहे. परवाना मिळेलच असे नाही, पण 'आपल्याला' म्हणून नाकारता येणार नाही.

परवाना मिळाल्यानंतर

अमेरिकेत कमरेला झाकून पिस्तूल बाळगण्याचा वेगळा परवाना असतो, आणि त्याभोवती तिथे मोठे राजकारण चालते. आपल्याकडे झाकणे हा वेगळा परवाना नाही, ती परवान्याची अट आहे. २०१६ च्या नियमांप्रमाणे सार्वजनिक ठिकाणी पिस्तूल न्यायचे तर ते त्यासाठी बनवलेल्या म्यानात किंवा पिशवीत, पूर्ण झाकलेले आणि बाळगणाऱ्याच्या ताब्यात असले पाहिजे. ते उगारणे, मिरवणे, हवेत बार काढणे यांना मनाई आहे. २०१९ च्या दुरुस्तीने लग्नात किंवा मिरवणुकीत निष्काळजीपणे गोळीबार करणाऱ्याला २ वर्षांपर्यंत कैद किंवा १ लाखापर्यंत दंड, किंवा दोन्ही, अशी तरतूद केली.

हे वाचताना मला एक हदीस आठवते. मशिदीतून किंवा बाजारातून बाण घेऊन जाणाऱ्याने त्याची टोके हाताने धरून ठेवावीत, म्हणजे कुणाला इजा होणार नाही, अशी शिकवण पैगंबर (स.) यांनी दिली. सहीह बुखारी आणि सहीह मुस्लिम या दोन्ही संग्रहांत ती आहे. गंमत म्हणूनसुद्धा आपल्या भावावर शस्त्र रोखू नये, ही ताकीदही तिथेच आहे. शस्त्र जवळ असणे आणि शस्त्र दाखवणे यांतला फरक आपल्या दीनने आपल्याला कधीच शिकवला आहे. ज्याला कमरेचे पिस्तूल दाखवत रील काढायचे आहे, त्याने हे ध्यानात घ्यावे.

नूतनीकरणाचे नियमही नीट माहीत असावेत, कारण परवाना मिळवताना सावध असलेला माणूस मुदत संपताना गाफील राहतो. पूर्वी परवान्याची मुदत ३ वर्षे होती, २०१९ च्या दुरुस्तीने ती ५ वर्षे झाली. त्याच दुरुस्तीने एका व्यक्तीला ठेवता येणाऱ्या बंदुकांची संख्या ३ वरून २ वर आणली. नूतनीकरणाचा अर्ज मुदत संपण्याच्या दोन महिने आधी द्यावा. शस्त्र तपासणीसाठी दाखवावे लागते, काडतुसांचा हिशेब चोख लागतो आणि राष्ट्रीय शस्त्र परवाना नोंदणीतला युनिक क्रमांक परवान्यावर असावा लागतो. मुदत संपलेल्या परवान्यावरची बंदूक ही कायद्याच्या नजरेत विनापरवाना बंदूक आहे. २०१९ नंतर विनापरवाना बंदुकीला किमान २ आणि जास्तीत जास्त ५ वर्षांची कैद आहे.

इथेही कायद्याचा कल लक्षात घेण्यासारखा आहे. कलम १५ प्रमाणे परवान्याचे नूतनीकरण होणे हा नियम आहे आणि न होणे हा अपवाद. अपवाद करायचा तर अधिकाऱ्याने कारणे लिहून ठेवायची. वडिलांच्या नावावर जुनी बंदूक असलेल्या घरांसाठी वारसांची तरतूद आहे. परवानाधारकाच्या मृत्यूनंतर, किंवा तो ७० वर्षांचा झाल्यावर, किंवा त्याने ते शस्त्र २५ वर्षे बाळगल्यावर वारसाला परवाना मागता येतो. मात्र वडील गेल्यावर बंदूक कपाटात तशीच ठेवून देणे हा गुन्हा ठरू शकतो. ती आधी पोलीस ठाण्यात किंवा परवानाधारक विक्रेत्याकडे जमा करावी आणि मग अर्ज करावा.

सीमेवर राहणाऱ्यांसाठी आणखी एक गोष्ट. परवाना कोणत्या क्षेत्रापुरता आहे हे त्यावर लिहिलेले असते. महाराष्ट्रापुरता परवाना असलेला व्यापारी पिस्तूल घेऊन नदी ओलांडून बालाघाट जिल्ह्यात गेला, तर अलीकडचा कायदेशीर माणूस पलीकडे आरोपी होतो. ज्यांचे नातेवाईक, बाजार आणि उधारी नदीच्या दोन्ही काठांवर आहेत, त्यांना हे नीट समजले पाहिजे.

खरी अडचण कुठे आहे?

कायदा इतका स्वच्छ असेल तर मग तो तरुण 'आपल्याला' का म्हणाला? कारण फाइल कायद्याच्या पुस्तकातून चालत नाही. ती ठाण्याच्या अहवालावरून चालते.

अर्ज आल्यावर जिल्हाधिकारी जवळच्या पोलीस ठाण्याचा अहवाल मागवतो. नियमांप्रमाणे तो ३० दिवसांत यायला हवा आणि त्यानंतर ६० दिवसांत निर्णय व्हायला हवा. अहवाल वेळेत आला नाही तर त्याची वाट न पाहता निर्णय घेण्याची मुभाही कायद्यात आहे. अर्जदाराची वर्तणूक, त्याच्यावरचे गुन्हे, त्याला असलेला धोका, गावातले संबंध या सगळ्यावर अहवालात मत दिलेले असते. हे मत माणूस लिहितो आणि माणसाचे पूर्वग्रह असतात.

हा केवळ आपला संशय नाही. कॉमन कॉज आणि सीएसडीएस या संस्थांनी २०१९ साली देशातल्या पोलिसिंगवर एक अहवाल प्रसिद्ध केला. सर्वेक्षणात भाग घेतलेल्या पोलिसांपैकी जवळपास निम्म्यांचे मत होते की मुसलमानांचा हिंसेकडे स्वभावतःच थोडाफार किंवा बराच कल असतो. उरलेल्या निम्म्यांनी तसे म्हटले नाही, हेही प्रामाणिकपणे सांगितले पाहिजे. पण ज्याची फाइल पहिल्या निम्म्यांपैकी एकाच्या टेबलावर जाते, त्याला या सरासरीचा काय उपयोग?

दुसरी बाजू बीडची आहे. ९ डिसेंबर २०२४ रोजी मस्साजोगचे सरपंच संतोष देशमुख यांची हत्या झाली आणि बीड जिल्ह्यातल्या शस्त्र परवान्यांचा प्रश्न राज्यभर गाजला. सामाजिक कार्यकर्त्या अंजली दमानिया यांनी मांडलेल्या आकडेवारीप्रमाणे बीडमध्ये १२२२ परवाने होते, तर शेजारच्या परभणीत फक्त ३२. बंदुका कमरेला लावून फिरणाऱ्यांची आणि हवेत गोळीबार करणाऱ्यांची छायाचित्रे, चित्रफिती लोकांनी पाहिल्या. गुन्हे दाखल असलेल्यांकडेही परवाने असल्याचे समोर आले. मग प्रशासन जागे झाले आणि शंभराहून अधिक परवाने रद्द झाले.

बीडकरांच्या जिवाला परभणीकरांपेक्षा जवळपास चाळीस पट धोका होता का? हे कुणीही मान्य करणार नाही. फरक धोक्यात नव्हता, ओळखीत होता. ज्याचा हात सत्तेपर्यंत पोहोचतो त्याचे कारण 'योग्य' ठरते. मुसलमान तरुणाला वाटते की आपल्याला धर्मामुळे नाकारतील. गरीब मराठा, धनगर, पोवार किंवा दलित तरुणालाही परवाना मिळत नाही आणि त्याचे कारण त्याला वेगळे वाटते. मुळाशी रोग एकच आहे. 'योग्य कारण' कोणते, ते ठरवण्याची मोजपट्टी लोकांसमोर नाही.

जुना वाद

ही मोजपट्टी कुणाच्या हाती असावी, हा वाद जुना आहे. १८५७ च्या उठावाने हादरलेल्या इंग्रजांनी १८७८ साली व्हाइसरॉय लिटनच्या काळात शस्त्र कायदा केला. हिंदी माणसाला परवाना सक्तीचा आणि युरोपियनांना सूट. कायदा एकच, पण कुणावर भरवसा ठेवायचा हे चामडीच्या रंगावरून ठरत होते. राष्ट्रीय सभेने त्याविरुद्ध वर्षानुवर्षे आवाज उठवला. १९३१ च्या कराची ठरावात तर नियमांच्या चौकटीत शस्त्र बाळगण्याचा हक्क नागरिकाला असावा, असे नमूद केले गेले.

मग संविधान सभेत १९४८ च्या डिसेंबरमध्ये ह. वि. कामत यांनी हा हक्क मूलभूत हक्कांत घालण्याची दुरुस्ती सुचवली. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी तिला विरोध केला. परकीय राज्य गेल्यावर परिस्थिती बदलली आहे, आता शस्त्र बाळगण्याच्या हक्कापेक्षा देशासाठी शस्त्र धरण्याच्या कर्तव्याची भाषा हवी, असा त्यांच्या म्हणण्याचा रोख होता. असा सरसकट हक्क दिला तर तो गुन्हेगारालाही मागता येईल, हेही त्यांनी दाखवून दिले. दुरुस्ती फेटाळली गेली. २०२३ साली विनापरवाना शस्त्रांच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानेही याची आठवण करून दिली की अमेरिकेसारखा शस्त्र बाळगण्याचा हक्क आपल्या संविधानात नाही.

मला बाबासाहेबांचा निर्णय योग्य वाटतो. पण त्याबरोबर एक जबाबदारी येते. हक्क नाकारून राज्याने नागरिकाला सांगितले की तुझे रक्षण आम्ही करू. मग ते रक्षण सगळ्यांना सारखे मिळाले पाहिजे आणि परवान्याचा अपवाद करायचा तर तोही सगळ्यांना एकाच मापाने मोजून केला पाहिजे. नाहीतर १८७८ चा कायदा गेला आणि त्याची सवय मात्र राहिली, असे म्हणावे लागेल.

अधिकाऱ्याच्या मर्जीवर परवाना सोडला की काय होते, याचे उदाहरण अमेरिकेतही आहे. ३० जानेवारी १९५६ रोजी अलाबामा राज्यातल्या माँटगोमेरी शहरात मार्टिन ल्यूथर किंग यांच्या घरावर बॉम्ब टाकण्यात आला. पत्नी आणि तान्ही मुलगी घरात होत्या. त्यानंतर किंग यांनी झाकून पिस्तूल बाळगण्याचा परवाना मागितला. स्थानिक अधिकाऱ्यांनी तो नाकारला. घरावर बॉम्ब पडलेल्या माणसाचे कारण 'योग्य' नव्हते, कारण तो माणूस काळा होता. ज्यांच्या नावाने आज जग अहिंसेचे धडे घेते, त्यांनीही भीतीपोटी हा अर्ज केला होता. भीती वाटणे हा गुन्हा नाही आणि कमजोरीही नाही.

अमेरिकेने पुढे अधिकाऱ्याची मर्जी काढून टाकली. २३ जून २०२२ रोजी तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने न्यूयॉर्कचा 'विशेष कारण दाखवा' हा शंभर वर्षांहून जुना नियम रद्द केला. पक्षपातावर तो एक इलाज झाला, पण त्याची किंमतही पाहा. २०२१ या एका वर्षात त्या देशात बंदुकीने ४८ हजारांहून अधिक माणसे मेली आणि त्यांत निम्म्याहून अधिक आत्महत्या होत्या. विदर्भातल्या वाचकाने हा आकडा दोनदा वाचावा. कर्ज, नापिकी आणि निराशेने ग्रासलेल्या घरांच्या मुलखात प्रत्येक कपाटात भरलेले पिस्तूल असावे, असे कुणाला वाटेल?

पिस्तूल आपले रक्षण करेल का?

त्या तरुणाशी मी याच मुद्द्यावर जास्त बोललो. त्याचे म्हणणे पोकळ नव्हते. "रात्री अकराला रस्त्यात दोन जण आडवे आले तर मी कुणाला फोन करू? फोन लागेपर्यंत पैसे गेलेले असतील." हे खरे आहे. एकट्या रस्त्यावरच्या लुटारूपुढे पिस्तुलाचा उपयोग होऊही शकतो.

पण त्याच्या मनात फक्त लुटारू नव्हते. जमावाच्या हिंसेच्या चित्रफिती त्यानेही पाहिल्या आहेत. आणि तिथे पिस्तुलाचे गणित पूर्ण उलटे होते. पन्नास माणसांच्या जमावासमोर एक पिस्तूल किती वेळ पुरेल? एक गोळी सुटली की जमावाला हवे ते कारण मिळते. दुसऱ्या दिवशीच्या बातमीत हल्ला मागे पडतो आणि गोळीबार मथळ्यात येतो. स्वसंरक्षणाचा हक्क कायद्याने प्रत्येकाला दिला आहे. भारतीय न्याय संहितेची ३४ ते ४४ ही कलमे त्याचीच आहेत. पण तो हक्क बजावला की नाही हे न्यायालय ठरवते आणि ते ठरेपर्यंत माणूस वर्षानुवर्षे तारखांना जातो. आपल्या वाट्याला या तारखा जरा जास्तच येतात, हे वेगळे सांगायला नको.

भीतीपोटी परवान्याशिवाय शस्त्र घेणाऱ्याचे काय होते, हे महाराष्ट्राने जवळून पाहिले आहे. १९९२-९३ च्या मुंबईतल्या दंगलींच्या काळात कुटुंबाच्या रक्षणासाठी आपण शस्त्र ठेवले, असे अभिनेता संजय दत्तचे म्हणणे होते. प्रतिबंधित शस्त्र विनापरवाना बाळगल्याबद्दल सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०१३ मध्ये त्याची दोषसिद्धी कायम ठेवली आणि ५ वर्षांची शिक्षा दिली. त्याच्याकडे नाव होते, पैसा होता, नामवंत वकील होते. ज्याच्याकडे यातले काहीच नाही त्याने देशी कट्टा घरात आणण्याआधी शंभर वेळा विचार करावा. 'अर्जाची भानगड नको, मी आणून देतो' असे म्हणणारा माणूस मित्र नसतो. तो एकतर दलाल असतो किंवा खबऱ्या.

खर्चाचाही विचार करावा. सरकारी कारखान्यात बनलेले ०.३२ चे रिव्हॉल्व्हर लाखाच्या घरात जाते. निवडणूक जाहीर झाली की छाननी समिती सांगेल तेव्हा ते जमा करावे लागते. घरात लहान मुले असतील तर ते कुलूपबंद ठेवावे लागते आणि कुलूपबंद पिस्तूल ऐनवेळी हाती येत नाही. तेवढ्या पैशांत गोदामाला कॅमेरे लागतात. रोख व्यवहार कमी करून बँकेतून केले तर लुटारूला थांबण्याचे कारणच उरत नाही. हे उपाय शौर्याचे वाटत नाहीत, पण माणूस घरी सुखरूप पोहोचतो.

मग करावे काय?

माझे मत असे आहे की ज्याला खरी गरज आहे त्याने अर्ज जरूर करावा. 'आपल्याला देणार नाहीत' असे घरीच ठरवून गप्प बसणे म्हणजे नाकारणाऱ्याचे काम सोपे करणे. अर्ज करताना पुढील गोष्टी पाळाव्यात:

१. कारण खरे आणि कागदावर दाखवता येईल असे द्यावे. व्यापाराची उलाढाल, बँकेचे व्यवहार, पूर्वी धमकी किंवा चोरी झाली असेल तर त्याच्या तक्रारीची प्रत जोडावी. धमकी आल्यावर तक्रारच केली नाही, तर परवान्याच्या वेळी तिचा पुरावा कुठून येणार?

२. सुरक्षित हाताळणीचे प्रशिक्षण आणि वैद्यकीय दाखला नियमाप्रमाणे घ्यावा. यात पळवाट शोधू नये.

३. प्रत्येक कागदाची पोच घ्यावी आणि तारखा लिहून ठेवाव्यात. ३० आणि ६० दिवसांची मुदत उलटली तर लेखी स्मरणपत्र द्यावे.

४. नकार आला तर कारणे लेखी मागावीत आणि मुदतीत अपील करावे. फाइल कुठे अडली हे माहिती अधिकारात विचारता येते.

५. अर्जात काहीही लपवू नये. एखादा किरकोळ गुन्हा दाखल असेल तर तो स्वतः नमूद करावा.

समाज म्हणून आपली मागणी मात्र वेगळी असली पाहिजे. 'मुसलमानांना परवाने द्या' ही मागणी मी करणार नाही. ती केल्याने आपल्यातल्या मूठभरांना पिस्तुले मिळतील आणि बाकीच्यांकडे अधिक संशयाने पाहिले जाईल. मागणी अशी हवी की प्रत्येक जिल्हाधिकारी कार्यालयाने दरवर्षी साधी आकडेवारी जाहीर करावी. अर्ज किती आले, मंजूर किती झाले, नाकारले किती आणि कोणत्या कारणाने, मुदतीबाहेर किती पडून आहेत, आणि गुन्हे दाखल असलेल्या किती जणांकडे परवाने आहेत. कुणाचे नाव-गाव नको, फक्त आकडे. हे आकडे आधीच समोर असते तर बीडचे १२२२ परवाने पाहण्यासाठी एका सरपंचाचा जीव जाण्याची वाट पाहावी लागली नसती. ही मागणी परवाना नसलेल्या प्रत्येकाच्या हिताची आहे, मग तो कोणत्याही धर्माचा असो.

आणि एक काम आपल्या हातातले आहे. पोलीस ठाण्याशी आपला संबंध फक्त गुन्हा, बंदोबस्त किंवा पासपोर्टची पडताळणी एवढ्यापुरता उरला आहे. शांतता समितीच्या बैठकीला वर्षानुवर्षे तेच चार चेहरे जातात. तिथे तरुण व्यापारी, शिक्षक, महिला गेल्या पाहिजेत. रात्रीच्या गस्तीचा, बंद पडलेल्या पथदिव्यांचा, हंगामातल्या रोकडीच्या वाहतुकीचा प्रश्न तिथे मांडला पाहिजे. हे प्रश्न हिंदू व्यापाऱ्याचेही आहेत, ते त्याच्या सोबतीने मांडले पाहिजेत. ज्या ठाणेदाराने आपल्याला वर्षभर या कामांसाठी पाहिले आहे, तो आपल्याबद्दलचा अहवाल निदान ओळखून लिहील. पोलीस भरतीसाठी आपल्या मुला-मुलींनी तयारी करणे हाही याचाच भाग आहे. अहवाल लिहिणाऱ्या टेबलामागे आपलेही कुणी बसलेले असावे.

राहिला त्या तरुणाचा प्रश्न. देतील की नाही, हे मी त्याला सांगू शकत नाही. तो निर्णय गोंदियाच्या कार्यालयाचा आहे. पण 'आपल्याला' हा शब्द अर्जात कुठेही भरायचा नसतो, एवढे मी त्याला नक्की सांगितले. अर्जात स्वतःचे नाव, स्वतःचा पत्ता आणि स्वतःचे कारण लिहायचे असते. उत्तरही त्या नावाला, त्या कारणावर मिळाले पाहिजे. लेखी आणि मुदतीत.